आग बंद केल्यावरचं पाणी

दिवाळी अंकाच्या संपादकांनी मला बॉयलरवर लिहायला सांगितलं होतं. साखर कारखान्यातल्या गमतीजमती लिहा म्हणाले, लोकांना आवडतात. मी लिहायला बसलो आणि गाडी रॉकेटवर गेली. ते रॉकेट मला अजून नीट कळलेलं नाही, हे आधीच सांगून टाकतो. अणुशक्तीवरच्या रॉकेटची पक्की माहिती ज्यांना हवी असेल त्यांनी दुसऱ्या कुणाचा लेख वाचावा. बॉयलरचं मात्र मी सांगेन ते धरून चालायला हरकत नाही, कारण आपल्याच जिल्ह्यातल्या एका कारखान्यात मी बत्तीस वर्षं त्याच्यासमोर उभा होतो.

आमचं काम बाहेरच्या माणसाला सांगायला सोपं आहे. ऊस पिळून चोथा उरतो, त्याला आम्ही बगॅस म्हणतो. तो भट्टीत जळतो. भट्टीच्या अंगाने नळ्या, नळ्यांत पाणी, पाण्याची वाफ, वाफेवर टर्बाइन, टर्बाइनवर वीज, आणि उरलेल्या वाफेवर रस उकळतो. म्हणजे चेअरमनपासून चहावाल्यापर्यंत सगळे त्या वाफेच्या जिवावर. बॉयलर अटेंडंटने दोनच गोष्टी बघायच्या, दाब किती आणि आत पाणी किती.

पाणी कळायला बाहेरून एक काचेची नळी लावलेली असते. आत जिथवर पाणी, तिथवर ते नळीत दिसतं. नळीच्या मध्यावर पाण्याची रेघ थरथरत असते. त्या रेघेकडे बघण्यात माझं निम्मं आयुष्य गेलं. मंडळी म्हणतात, माझ्याकडे कधी इतकं टक लावून बघितलं नाहीत.

आता यातली खोच सांगतो. पाणी फार वाढलं तर रेघ नळीच्या वर निघून जाते आणि फार कमी झालं तर खाली उतरून दिसेनाशी होते. दोन्ही वेळा काचेत रेघ नसते, आणि पूर्ण भरलेली काच नि पूर्ण रिकामी काच अगदी सारख्या दिसतात. नव्या माणसाला हे पटत नाही, पण जुन्यालाही नुसतं बघून सांगता येत नाही. म्हणून काच ब्लो करून बघायची असते. खालची चावी उघडायची, नळीत असेल ते बाहेर सोडायचं, चावी बंद करायची. पाणी झपकन वर आलं तर आत पाणी आहे. आलं नाही तर पळायची तयारी ठेवायची. या सगळ्याला अर्धं मिनिट लागतं.

संपादकांसाठी एक गंमत सांगतो. सीझन सुरू व्हायच्या आधी बॉयलर पेटवायचा समारंभ होतो, अग्निप्रदीपन. एका वर्षी ज्या संचालकांच्या हस्ते ते होतं, त्यांच्या सौभाग्यवतींनी मुहूर्त काढून आणला होता. आदल्या दिवशी पाऊस झाला आणि लाकडं ओली. भटजी तयार, फोटोवाला तयार, मुहूर्त चालला टळून, पण लाकूड काही पेट घेईना. तेव्हा माझ्यामागे उभ्या असलेल्या नजीरने डिझेलमध्ये बुडवलेलं फडकं गुपचूप आत सारलं. असा भडका उठला की संचालकांच्या भुवया गेल्या. त्या वर्षीच्या अहवालात त्यांनी फोटो जुना छापला.

नजीर माझ्या पाळीतला वॉटरमन. म्हणजे बॉयलरला पाणी सोडायचा व्हॉल्व्ह त्याच्या ताब्यात. मिरजगावचा, हंगामी कामगार, माझ्यापेक्षा सहा-सात वर्षांनी लहान. सात सीझन आम्ही एका डब्यात जेवलो. सातव्या सीझननंतर कारखान्याने त्याला बोलावलं नाही, म्हणून त्याने मिरजगावात हायवेला रेडिएटर दुरुस्तीचं दुकान टाकलं. या गोष्टीला बावीस वर्षं झाली. या बावीस वर्षांत माझ्या ट्रॅक्टरचा रेडिएटर गळला की, मिरजगाव हाकेच्या अंतरावर असूनही, मी तो कर्जतला न्यायचो.

यंदा गणपती उठल्यावर दुसऱ्या आठवड्यात एक मुलगी स्कूटीवर माझं घर विचारत आली. तिशीची असेल. गळ्यात पिशवी, डोळ्यांवर चष्मा.

"काका, मी रुबिना. मिरजगावच्या नजीर रेडिएटरवाल्यांची मुलगी."

मी नको इतक्या मोठ्याने बस बस म्हणालो.

पोरगी पाच वर्षं परदेशात शिकत होती आणि सुट्टीवर आली होती, हे चहा होईपर्यंत कळलं. अणुशक्तीवर चालणारं रॉकेट हा तिचा विषय. शनिवारी तिच्या जुन्या शाळेने भाषणाला बोलावलं होतं.

"अब्बा म्हणाले, बॉयलरच्या भाषेत सांग. आपल्याकडच्या पोरांनी कारखाना बघितलेला असतो. आणि बॉयलरचं विचारायचं तर भाऊंना विचार, ते सर्टिफिकेटवाले."

सर्टिफिकेटवाले हा शब्द मला लागला, पण तिच्या तोंडावर काही नव्हतं. तिने वही काढली आणि मला रॉकेट समजावायला लागली.

"आधी भट्टी बघा. बगॅसच्या जागी युरेनियम. ते जळत नाही. त्याचे अणू फुटतात आणि फुटताना उष्णता निघते."

"धूर?"

"नाही."

"राख?"

"राखेसारखं काहीतरी होतं, पण ते इंधनातच राहतं. फार घातक असतं. म्हणून जमिनीवरून उडायला हे इंजिन वापरायचं नाही. साध्या रॉकेटने वर न्यायचं आणि वर गेल्यावर चालू करायचं."

"आणि पाणी?"

"पाण्याच्या जागी हायड्रोजन. अतिशय गार करून पातळ केलेला. तो त्या भट्टीतून जातो, दोन-अडीच हजार अंशांवर तापतो, फुगतो आणि मागच्या तोंडातून सुसाट बाहेर पडतो. संपलं."

"बाहेर पडून जातो कुठे?"

"जातो तिकडे, अवकाशात."

"परत आणत नाही?"

"नाही."

मला राग आला. कारखान्यात वापरलेल्या वाफेचं पुन्हा पाणी करून बॉयलरला आणतात, गळती झाली तर जाब विचारतात. आणि ही शिकलेली माणसं सगळंच्या सगळं बाहेर सोडून देणार. मी तसं बोललो.

"बाहेर फेकतो म्हणूनच पुढे जातं ना, काका."

"तिथे तर हवा नाही म्हणतात. मग ते रेटतं कशाला?"

तिने वहीचं पान उलटलं. मग म्हणाली, "दाब वाढून सेफ्टी व्हॉल्व्ह सुटला की त्याचा पाइप काय करतो?"

"मागं रेटतो. म्हणून तर त्याला पट्ट्यांनी आवळून ठेवतात."

"वाफ बाहेरच्या हवेला धक्का देते म्हणून?"

मी हाताने आठवून बघितलं. वाफ तोंडातून सुटली की त्याच क्षणी पाइपाला हिसका बसतो. वाफ जितक्या जोराने जाते तितक्या जोराने पाइप उलटा येतो. बाहेर हवा असो नसो, पाइपाला काय करायचंय. मला एकदम कळलं. चहाचा कप संपेपर्यंत कळलेलं राहिलं. मग मंडळींनी आतून विचारलं, "अगं, मग ते थांबवतात कसं?" आणि माझ्या डोक्यातला पाइप पुन्हा सुटला.

आत्ताची रॉकेटं काय वाईट आहेत, असंही मी विचारलं. ती म्हणाली, त्यांच्यात इंधन जळतं, त्याचा जड वायू बाहेर पडतो. हायड्रोजन सगळ्यांत हलका, म्हणून तापला की जास्त वेगाने सुटतो. तेवढ्याच वजनात साधारण दुप्पट काम होतं, आणि मंगळापर्यंतचा प्रवास बराच लवकर होऊ शकतो.

"असलं किती उडालंय आजवर?"

"जमिनीवर चाचण्या झाल्यात, खूप वर्षांपूर्वी. वर अजून एकही नाही."

"म्हणजे जे नाहीच, त्याच्यावर तू पाच वर्षं शिकलीस?"

"व्हय काका," ती हसली. "त्यात पण माझं काम इंजिन बंद केल्यानंतरचं."

मग तिने ते सांगितलं आणि सबंध दुपारभरात एवढं एकच मला पहिल्या झटक्यात समजलं. अणू फुटायचे थांबवले तरी भट्टी थंड होत नाही. फुटून झालेले तुकडे आपले आपण तापत राहतात, तासन् तास. म्हणून इंजिन बंद केल्यावरही हायड्रोजन थोडा थोडा सोडत राहावा लागतो. लवकर बंद केला तर भट्टी वितळते. जास्त वेळ सोडला तर परतीच्या प्रवासाला उरत नाही. किती सोडायचा आणि किती वेळ, याचा हिशेब हा तिचा प्रबंध.

तिने पिशवीतून निळ्या पुठ्ठ्याचा जाड ग्रंथ काढला. पहिल्या पानावर इंग्रजीत एकच ओळ होती. ती तिने मला मराठीत वाचून दाखवली.

"माझ्या अब्बांना, ज्यांनी एकदा पाणी लवकर बंद केलं."

मी हातातला रिकामा कप खाली ठेवला.

"शनिवारी हीच गोष्ट सांगणार आहे," ती म्हणाली. "अब्बांची चूक आणि त्यातून माझा विषय. आधी नको म्हणत होते, मग तयार झाले. पण त्या दिवशी नेमकं काय झालं ते त्यांच्याकडून नीट कळतच नाही. पाण्याचा वॉल मी बंद केला, एवढंच सांगतात. तुम्ही तिथेच होता ना?"

होतो. भर दुपारची पाळी होती आणि आमचा सातवा सीझन रंगात. गव्हाणीत, म्हणजे ऊस टाकतात त्या पट्ट्यात, काहीतरी अडकलं, टर्बाइन ट्रिप होऊन बंद पडला, कारखान्याची वाफेची मागणी एकदम थांबली. बॉयलरचा दाब चढला, सेफ्टी व्हॉल्व्ह सुटले. त्यांचा आवाज असा की शेजारच्या माणसाच्या कानात ओरडावं लागतं. मी बगॅस थांबवला, भट्टीला हवा देणारे पंखे बंद केले. काचेकडे बघितलं, तर रेघ नाही. मी मनात जुळवलं की वाफ कुणी घेत नाही, पाणी मात्र चालूच आहे, म्हणजे बॉयलर गळ्यापर्यंत भरला. भरलेल्या बॉयलरमधून पाणी टर्बाइनकडे गेलं तर त्याची पाती मोडतात. मी नजीरला पाणी बंद करायला सांगितलं आणि त्याने व्हॉल्व्ह फिरवला.

बॉयलर भरलेला नव्हता. काच रिकामी होती. आग बंद केली होती, पण जाळीवरचा बगॅस धगधगत होता, विटा लाल होत्या, आणि सेफ्टी व्हॉल्व्हमधून उरलंसुरलं पाणी वाफ होऊन चाललं होतं. थोड्या वेळात कोरड्या पडलेल्या नळ्यांपैकी दोन फुटल्या. नजीरचा डावा हात कोपरापर्यंत भाजला. कारखाना आठवडाभर बंद पडला आणि आवारात बैलगाड्यांवर ऊस वाळला.

चौकशी झाली. पाणी कोणी बंद केलं? नजीर म्हणाला, मी केलं. कोणाच्या सांगण्यावरून? तो माझ्याकडे बघत राहिला. माझ्या जबाबात मी लिहून दिलं की गडबडीत कोण काय बोललं ते मला आठवत नाही. खरं लिहिलं असतं तर माझं बॉयलर चालवायचं सर्टिफिकेट गेलं असतं. पण खरं सांगायचं तर मला त्या वेळी सगळंच धूसर वाटत होतं. पुढे इतकी वर्षं मी स्वतःला तेच सांगत आलो. खरंच आठवत नव्हतं की आठवायचं नव्हतं, हे मलाच कळेनासं झालं होतं.

रुबिनाला मी काय सांगितलं? काच कशी असते ते सांगितलं. भरलेली आणि रिकामी सारखी दिसते, हे सांगितलं. तिला ते फार आवडलं, तिने वहीत चित्र काढून घेतलं. मग म्हणालो, "गडबड फार होती बाळा, तुझ्या वडिलांचा एकट्याचा काही दोष नव्हता." हे वाक्य बोलताना मला माझीच लाज वाटली. ती आभार मानून गेली.

मंगळवार होता. शनिवारपर्यंत मी काय केलं म्हणाल, तर रॉकेट समजून घ्यायला बसलो. कॅलेंडरच्या मागच्या कोऱ्या बाजूला भट्टी काढली, हायड्रोजनची टाकी काढली, बाण काढले. भट्टीला जो गार ठेवतो तोच तापून रॉकेटला ढकलतो, इथवर यायचो. मग बंद केल्यावर जो सोडायचा तोसुद्धा थोडं ढकलणारच की, म्हणजे रॉकेट बंद करूनही पुढे सरकत राहणार, म्हणजे ते बंद झालं की नाही? इथे माझा गोंधळ व्हायचा. खोडायचो, पुन्हा काढायचो. गुरुवारी मंडळींनी कॅलेंडर माझ्या हातातून काढून घेतलं.

"रॉकेटचं राहू द्या," ती म्हणाली. "त्या पोरीला शनिवारी चार माणसांत बापाबद्दल काय बोलू देणार आहात, ते ठरवा."

तिला मी कधी काही सांगितलं नव्हतं. तिने कर्जतच्या फेऱ्या मोजल्या असाव्यात.

शनिवारी शाळेच्या हॉलमध्ये आठवी ते दहावीची मुलं खाली बसली होती, मागे गावकऱ्यांना खुर्च्या. नजीर शेवटच्या ओळीत कडेला बसला होता. दाढी पांढरी झालेली. उकडत असूनही शर्टाच्या बाह्या मनगटापर्यंत. डाव्या बाहीखाली काय आहे ते मला माहीत होतं. मी मंडळींसोबत दोन ओळी पुढे बसलो आणि मागे वळून बघितलं नाही.

पोरगी सुरेख बोलली. फळ्यावर आमचा बॉयलर काढला, त्यातून रॉकेट काढलं. पोरांनी प्रश्न विचारले, हसली. ती इंजिन बंद करण्यापाशी आली आणि खडू खाली ठेवला.

"आता एक घरातली गोष्ट सांगते. माझे अब्बा कारखान्यात वॉटरमन होते. एकदा त्यांच्या हातून..."

"थांब पोरी," मी उभा राहिलो.

"प्रश्न शेवटी घेऊ, भाऊ," मुख्याध्यापक म्हणाले.

"प्रश्न नाही."

दोन दिवस मी मनात वाक्यं जुळवली होती. त्यातलं एक जागेवर सापडेना. काय बोललो ते नंतर मंडळींनी सांगितलं म्हणून लिहितो.

"त्या रॉकेटात हायड्रोजन जळतो, म्हणजे... भट्टी असते..."

"जळत नाही," पुढची एक मुलगी म्हणाली आणि सगळी पोरं हसली.

"नाही जळत. जाऊ दे ते. आग बंद केली होती, पण विटा लाल होत्या. काचेत रेघ नव्हती. मला वाटलं भरलीय. नजीर माझ्या कानाशी येऊन म्हणाला, भाऊ, काच ब्लो करून बघू का? मी म्हणालो, वेळ नाही, बंद कर. त्याने केलं. मी जबाबात लिहिलं, आठवत नाही." इथे मी थांबलो असं मंडळी म्हणतात. "मला आठवत होतं."

रुबिना माझ्याकडे बघत नव्हती. ती शेवटच्या ओळीकडे बघत होती.

नजीर सावकाश उठला. खुर्चीची पाठ धरून म्हणाला, "रॉकेटचं भाऊ चुकले. हायड्रोजन जळत न्हाई त्याच्यात, नुसता तापतो. पोरीनं मला धा येळा सांगितलंय." मग म्हणाला, "बाकी सगळं तसंच झालं हुतं." आणि खाली बसला.

रुबिना पाणी प्यायली आणि तिने भाषण पुढे नेलं. गोष्ट मात्र तिने पुढे सांगितली नाही.

संपल्यावर नजीर बाहेर चिंचेखाली उभा होता. मी जवळ गेलो. माफी मागायची होती. तोंडातून निघालं, "घरी तू स्वतःचं नाव का सांगितलंस?"

"हात माझाच हुता न्हवं का?" तो म्हणाला. "आन् तुमचा मला लई राग हुता भाऊ. लई. घरात तुमचं नाव काढलं असतं तर रोज काढलं असतं. पोरं त्याच रागात वाढली असती. त्यापरीस मी माझं सांगितलं, मंग मलाबी गप बसता आलं."

मला रडू आलं. भर शाळेच्या आवारात, एवढा म्हातारा माणूस. तो दुसरीकडे बघत राहिला. मग म्हणाला, "रेडिएटर कर्जतला नेता तुमी. म्हाईत हाय मला. त्यो तिथला मिस्त्री झाळणाचा डाग नीट मारत न्हाई."

रुबिना स्कूटी घेऊन आली. ती रागावली होती आणि तिने ते लपवलं नाही. मंगळवारी का नाही सांगितलंत, एवढंच तिने विचारलं. मी म्हणालो, "ती पहिल्या पानावरची ओळ बदल."

"ते छापून झालंय काका. तिकडच्या ग्रंथालयात गेलंय. आता नाही बदलत."

इथे माझं डोकं पुन्हा चालेनासं होतं. मंगळापर्यंत जायचं इंजिन कागदावर बनवणाऱ्यांना एक ओळ का बदलता येऊ नये? तिने समजावलं, नियम असतात म्हणाली. मला ते रॉकेटइतकंच कळलं. कुठल्या तरी लांबच्या देशात, मी कधी बघणार नाही अशा कपाटात, नजीरची चूक म्हणून ती ओळ राहणार आहे, आणि अजून न उडालेलं ते रॉकेट उद्या खरंच उडालं तर लोक तो प्रबंध उघडून ती वाचणार आहेत.

म्हणून संपादकांची माफी मागून, बावीस वर्षांपूर्वीच्या जबाबात जे लिहायचं राहिलं ते इथे लिहून देतो. पाणी बंद करायला मी सांगितलं होतं. काच ब्लो करून बघू का, असं वॉटरमन नजीर यांनी मला विचारलं होतं. त्याला अर्धं मिनिट लागलं असतं.